तुम्ही विचारलंत म्हणून: एका तहाला पाच वर्षं?

"अगं, पण एक तह करायला पाच वर्षं? करत काय होती ही मंडळी?"

आमच्याकडे भारतातून कोणीही आलं की हा प्रश्न ठरलेला. तह म्हणजे युरोपातलं तीस वर्षांचं युद्ध संपवणारा, १६४८ चा वेस्टफालियाचा तह. मी राहते वायव्य जर्मनीतल्या ओस्नाब्रुकमध्ये. पाहुण्यांना दाखवायचं म्हणजे आधी जुनं नगरभवन. त्याच्या दाराच्या मुठीवर कबुतर आहे आणि १६४८ हा आकडा. आत शांतता-दालन, भिंतीभर वकिलांच्या तसबिरी. वकील म्हणजे कोर्टातले नव्हेत, आपल्याकडे पेशव्यांचे वकील दरबारोदरबारी असायचे, तसले. सासरे आले होते तेव्हा सगळ्या तसबिरी बघून झाल्यावर म्हणाले, "आपला पुरंदरचा तह तीन दिवसांत उरकला." बरोबर आहे. पण तिथे एका बाजूला महाराज, दुसऱ्या बाजूला मिर्झाराजे, संपला विषय. इथे शंभराहून जास्त शिष्टमंडळं होती, आणि त्यातली बरीचशी एकमेकांचं तोंड बघायला तयार नव्हती.

१६१८ साली प्रागमध्ये पवित्र रोमन साम्राज्याच्या (म्हणजे साधारण आजची जर्मनी आणि आसपासचा मुलुख) बादशहाच्या कारभाऱ्यांना खिडकीतून खाली फेकलं, तिथून हे तीस वर्षांचं युद्ध पेटलं. सुरुवात कॅथलिक विरुद्ध प्रोटेस्टंट अशी झाली. पुढे कॅथलिक फ्रान्सच कॅथलिक बादशहाविरुद्ध उतरला आणि धर्माचा हिशेब कुणालाच लागेना. जर्मनीत गावंच्या गावं ओस पडली. १६४१ च्या डिसेंबरात हॅम्बुर्गला एवढंच ठरलं, की बोलायचं. तेही दोन गावांत: फ्रान्सशी म्युन्स्टरला, स्वीडनशी आमच्या ओस्नाब्रुकला. मध्ये पन्नासेक किलोमीटर. कारण पोपचा प्रतिनिधी पाखंड्यांशी, म्हणजे प्रोटेस्टंटांशी, बोलणार नव्हता, आणि प्रोटेस्टंट स्वीडनला पोपची मध्यस्थी नको होती. मग दोन्ही गावं आणि मधला रस्ता युद्धातून वगळला, आणि १६४३ पासून त्या रस्त्यावरून निरोप्यांचे घोडे पळू लागले.

शांतता-दालनात लोक हौसेने फोटो काढतात, "इथे बसून तह झाला!" मी गप्प बसते. खरं तर बहुतेक बोलणी वकिलांच्या बिऱ्हाडी झाली. सगळे एका खोलीत बसलेत, असं या पाच वर्षांत एकदाही घडलं नाही. म्युन्स्टरला पोपचा किजी आणि व्हेनिसचा कोंतारिनी असे दोघे मध्यस्थ या घरातून त्या घरात फेऱ्या मारत. किजीने म्युन्स्टरच्या पावसाला वैतागून लॅटिनमध्ये कविता केल्या. (माझी पूर्ण सहानुभूती.) माद्रिदला पत्र पाठवलं की उत्तराला महिना-दोन महिने.

आणि मानपान! लग्नात वरपक्षाचा असतो त्याच्या दसपट. कोणाची बग्गी पुढे, कोणाला निरोप द्यायला दारापर्यंत यायचं आणि कोणाला जिन्यापर्यंतच. स्वीडनचा योहान ऑक्सेनस्टियेर्ना म्हणे उठला, जेवला, झोपला की नगारे आणि कर्णे वाजत, साऱ्या ओस्नाब्रुकला कळावं म्हणून. इथपर्यंत आलं की पाहुणे हसतात. पूर्वी मीही हसायचे.

आता नाही हसत, त्याला कारण डच वकील. स्पेनशी त्यांचं भांडण ऐंशी वर्षांचं. स्पेनच्या लेखी हे बंडखोर. त्यांनी हट्ट धरला, की आम्हाला 'एक्सलन्सी' म्हणा, व्हेनिसच्या वकिलांना म्हणता तसं. वरवर पाहता एक शब्द. पण तो उच्चारला की समोरचा बंडखोर उरत नाही, स्वतंत्र राज्याचा वकील होतो. तहाचं कलम लिहायच्या आधीच निम्मा तह त्या हाकेत होऊन जातो. तो मान त्यांना मिळाला. पुढे १५ मे १६४८ ला म्युन्स्टरच्या नगरभवनात दोघांनी शपथ घेतली. चित्रकार गेरार्ड टेर बोर्खने तो प्रसंग रंगवलाय. त्यात स्पॅनिश वकिलांचा हात धर्मग्रंथावर आहे आणि डचांनी दोन बोटं वर केली आहेत. शपथ एकच, ज्याची त्याची रीत वेगळी. तसं केलं म्हणून कुणाचं बिघडलं नाही.

वेळ खाल्ला तो आणखी एका गोष्टीने, आणि मला ती सगळ्यात हुशारीची वाटते. युद्धात चर्चेस, मठ, जमिनी शंभर वेळा हातोहात गेल्या होत्या. खरा मालक कोण? न्याय करायला बसले असते तर आणखी तीस वर्षं गेली असती. म्हणून ठरलं, की एक साल धरायचं आणि त्या दिवशी जे जसं होतं तसं पुन्हा करायचं. मग सालाची घासाघीस. प्रोटेस्टंट म्हणाले १६१८. कॅथलिकांना तोवर जिंकलेलं सोडायचं नव्हतं, म्हणून त्यांना १६२७ किंवा १६३० हवं होतं. भाजीच्या भावासारखं ओढत ओढत शेवटी १ जानेवारी १६२४ वर सौदा पटला. बरोबर कोण, हे कुणी विचारलंच नाही. शिवाय युद्धात जे बोललं-केलं गेलं ते कायमचं विसरायचं, असंही कलम घातलं.

आमच्या ओस्नाब्रुकच्या वाट्याला त्याहून अजब तोडगा आला: एकदा कॅथलिक बिशप (तोच इथला राज्यकर्ताही), पुढच्या खेपेला प्रोटेस्टंट राजघराण्यातला. हे दीडशे वर्षं चाललं. १७६४ मध्ये पाळी प्रोटेस्टंटांची होती, तेव्हा इंग्लंडच्या तिसऱ्या जॉर्जचा मुलगा बिशप झाला. वय सहा महिने!

हे सगळं चालू असताना लढाई थांबली होती का? छे. सगळ्यांनी मिळून शस्त्रसंधी केलीच नव्हती. रणांगणावर कोण पुढे सरकलं, त्यावर टेबलावरचा भाव वर-खाली व्हायचा. १६४८ च्या जुलैत इकडे मसुदा जवळजवळ तयार होता, आणि तिकडे स्वीडिश फौज प्राग लुटत होती. युद्ध जिथून सुरू झालं तिथेच. २४ ऑक्टोबरला म्युन्स्टरमध्ये सह्या झाल्या. फ्रान्स आणि स्पेन मात्र त्यानंतरही अकरा वर्षं लढत राहिले.

सह्या होऊनही सैन्य हलेना, कारण पगार थकलेला. स्वीडिश शिपायांसाठी पन्नास लाख थालर (चांदीची नाणी) जर्मन संस्थानांनी गोळा करायचे ठरले होते. त्याचे हप्ते आणि फौजा मागे घेण्याचं वेळापत्रक यासाठी न्युरेम्बर्गला वेगळी बैठक बसली, ती १६५० पर्यंत. त्या वेळी तिथली पोरं काठीच्या घोड्यांवर बसून बादशहाच्या सेनापतीकडे गेली आणि त्याने त्यांना नाणी वाटली, अशी एक दंतकथा आहे. तिच्यावरून आमच्या गावात दर ऑक्टोबरला चौथीतली मुलं काठीचे घोडे घेऊन नगरभवनाच्या पायऱ्या चढतात.

माझ्या मुलीची पाळी आली तेव्हा आम्ही तिच्या बाबांच्या जुन्या मोज्यात कापूस भरून घोड्याचं तोंड केलं, लोकरीची आयाळ लावली. शेकडो पोरं, प्रचंड आवाज. वर प्रत्येकाच्या हातात एकेक गोड ब्रेझल ठेवतात. ती उतरून माझ्याजवळ आली तोवर घोड्याचा एक कान पडला होता आणि ब्रेझल अर्धी संपली होती. उरलेली अर्धी तिने सासऱ्यांना दिली. ते म्हणाले, "चांगलीय. पण पाच वर्षं म्हणजे फारच."