हॉलबाहेरचे

"पालकांनी कृपया हॉलच्या बाहेर थांबावे" ही घोषणा तिसऱ्यांदा झाली तेव्हा त्यातलं 'कृपया' गळून पडलं होतं. खरं तर मी पालकही नव्हतो. ताईला रविवारची ड्यूटी लागली, म्हणून भाचीला बुद्धिबळाच्या स्पर्धेसाठी ठाण्यात नौपाड्यातल्या एका हॉलवर घेऊन आलेला मामा. पण पंचांना नाती समजावून सांगायची ती वेळ नव्हती. भाचीच्या हातात पाण्याची बाटली कोंबली, तिने "मामा, जा ना आता" असं पुटपुटत मान खाली घातली आणि दार लागलं.

जुलैचा पाऊस लागलेला. जिन्यात ओल्या छत्र्या, त्यांच्याखाली पोरांच्या चपलांचा ढीग आणि ढिगाभोवती आम्ही. पाच फेऱ्या, एकेक तासाभराची. आत फोन न्यायचा नाही, त्यामुळे बाहेर काही कळायची सोय नाही. क्रिकेटच्या मैदानाबाहेर उभं राहिलं तर निदान आरडाओरडा तरी ऐकू येतो. इथे आत शंभरेक पोरं, आणि ऐकू काय येतंय तर पंख्याची कुरकुर.

दुसऱ्या फेरीपर्यंत माणसं ओळखीची झाली. दाराच्या काचेवर आतून कागद चिकटवला होता, त्याच्या फटीला एक डोळा लावून एक बाबा उभे होते. तिथून त्यांना भलत्याच कुणाच्या तरी मुलाची पाठ दिसत होती, तरी ते हलले नाहीत. एका आईने पिशवीतून लसूण काढला आणि सोलत बसली. म्हणाली, "घरी कुठे वेळ मिळतो? इथे हात रिकामेच असतात." आणखी एक गृहस्थ होते, सगळं कळणारे. "तिचं इटालियन बंद करून लंडन सुरू केलंय," असं त्यांनी मला औषध बदलल्याच्या सुरात सांगितलं. डाव सुरू करायच्या पद्धतींची नावं ती. मी गंभीरपणे मान हलवली.

जिंकलेलं पोर धावत बाहेर येत असेल, अशी माझी समजूत होती. तसं नसतं. जिंकलेलं पोर आधी चपला शोधतं. हरलेलं अनवाणीच येतं.

ताईचा दर दहा मिनिटांनी मेसेज: "काय झालं?" माझं उत्तर: "आत आहे." पुन्हा "काय झालं?" पुन्हा "आत आहे." शेवटी मी फोन खिशात टाकला आणि पायरीवर बसलो. आजवर ज्या मोठ्या खेळाडूंबद्दल वाचलं, त्यांच्या गोष्टींत हे जिन्यातले लोक कुठे असतात, ते आठवू लागलो.

विश्वनाथन आनंदची पाच विश्वविजेतेपदं, २००० ते २०१२ मधली, बऱ्याच जणांना तोंडपाठ असतात. मला मात्र त्याच्या आईची मनिलातली दुपार आवडते. वडिलांच्या नोकरीमुळे सत्तरच्या दशकाच्या अखेरीस हे कुटुंब फिलिपिन्समध्ये होतं. तिथल्या टीव्हीवर दुपारी बुद्धिबळाचा कार्यक्रम लागे, शेवटी एक कोडं घालत. त्या वेळी आनंद शाळेत. मग सुशीलाबाई सगळा कार्यक्रम आणि कोडं लिहून ठेवत. संध्याकाळी दोघं मिळून ते सोडवत आणि उत्तर पाठवून देत. बक्षीस म्हणून पुस्तक मिळे. पुढे पुढे मुलाला इतकी बक्षिसं मिळाली, की कार्यक्रमवाल्यांनी त्याला बोलावून हवी तेवढी पुस्तकं ने, पण आता उत्तरं पाठवू नकोस, असं सांगितलं म्हणे. परक्या देशात, दुपारच्या उन्हात, टीव्हीसमोर वही घेऊन बसलेली एक आई. त्याला खेळ शिकवणारीही तीच.

बॉबी फिशरच्या आईला तर खेळायला कुणी सापडतच नव्हतं. पोरगं सात वर्षांचं, दिवसभर एकटंच पटावर. म्हणून रेजिना फिशरने नोव्हेंबर १९५० मध्ये ब्रुकलिनच्या एका वर्तमानपत्राला पोस्टकार्ड टाकलं: माझ्या मुलाबरोबर खेळेल असं कुणी लहान मूल आहे का? कचेरीत प्रश्न पडला, की ही जाहिरात कोणत्या सदरात घालायची. ते कार्ड फिरत फिरत बुद्धिबळाचं सदर लिहिणाऱ्या हर्मन हेल्म्सकडे गेलं आणि तिथून पोराला क्लबची वाट सापडली. १९७२ साली रेक्याविकला स्पास्कीला हरवून तो जगज्जेता झाला, ती गोष्ट सगळेच सांगतात. मला ते पोस्टकार्ड बघायला आवडलं असतं.

आपल्याकडचं उदाहरण द्यायचं तर खाडिलकर भगिनी. 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली: वासंती, जयश्री आणि रोहिणी. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ मध्ये झाली, ती वासंतीने जिंकली. नंतर जवळजवळ दशकभर ते विजेतेपद याच घरात फिरत राहिलं. एका बहिणीने ठेवलं की दुसरीने उचललं. १९७६ साली तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली, तर मुलीने इथे का खेळावं म्हणून आक्षेप निघाले. प्रकरण न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी जागतिक संघटनेचे अध्यक्ष, स्वतः एकेकाळचे जगज्जेते माक्स यूवे यांनी निकाल दिला की स्त्रियांना अशा स्पर्धांत अडवता येणार नाही. तेरा वर्षांच्या मुलीला घोड्याची चाल सुचायला हवी, कोर्टाची तारीख नव्हे. ती बाजू घरातल्या मोठ्यांनी उचलली असणार, असं मी त्या पायरीवर बसल्या बसल्या ठरवून टाकलं. १९८१ मध्ये रोहिणी आशियाई विजेती झाली.

हंगेरीच्या लास्लो पोल्गारविषयी मात्र माझं मन साफ नाही. प्रतिभा जन्मत नाही, घडवता येते, हे सिद्ध करायला त्याने तिन्ही मुलींना घरीच शिकवलं, पटापाशी वाढवलं. यूडिट १९९१ साली पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली, तेही फिशरचा विक्रम मोडून. प्रयोग फळला म्हणायचं. पण 'प्रयोग' हा शब्द पोरांच्या बाबतीत आला की मला हॉलबाहेरचे ते इटालियन-लंडनवाले गृहस्थ आठवतात. कोनेरू अशोक यांनी तर नोकरी सोडली आणि मुलीचं नावच 'चॅम्पियन' या शब्दातून काढलं: हंपी. एवढ्या नावाखाली एखादी दबून गेली असती. ही पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली, पुढे आई झाली, आणि त्यानंतर जलद बुद्धिबळाचं विश्वविजेतेपद दोनदा घेऊन आली, २०१९ ला मॉस्कोत आणि २०२४ ला न्यूयॉर्कमध्ये. म्हणजे आता कुठल्याशा हॉलबाहेर तिची लेक वाट बघत असेल.

डिसेंबर २०२४ मध्ये सिंगापूरला गुकेश आणि डिंग लिरेन यांचा जगज्जेतेपदासाठीचा चौदावा डाव चालू होता, तेव्हा बाहेर गुकेशचे वडील येरझाऱ्या घालत होते. कान-नाक-घशाचे डॉक्टर. मुलाबरोबर गावोगाव हिंडायचं म्हणून त्यांनी प्रॅक्टिस थांबवली होती, घर आईच्या पगारावर चाले. डिंगने हत्ती चुकीच्या घरात नेला आणि अठराव्या वर्षी पोरगं जगज्जेतं झालं. तो रडला, पण उठण्याआधी सगळ्या सोंगट्या परत जागच्या जागी मांडल्या. वडिलांचं दृश्य मी फोनवर कितीदा पाहिलं असेल! आणि पुढच्याच जुलैत जॉर्जियातल्या बाटुमीला, महिलांच्या विश्वचषकात, नागपूरची दिव्या देशमुख. एकोणीस वर्षांची, अंतिम फेरीत समोर अडतीस वर्षांची हंपी. दोन डाव बरोबरीत सुटले, तिसरा बरोबरीत, चौथा दिव्याने घेतला. विश्वचषक, आणि त्याबरोबरच ग्रँडमास्टर किताब. स्पर्धेला गेली तेव्हा त्या किताबासाठी लागणारा एकही नॉर्म, म्हणजे स्पर्धेतल्या ठरावीक दर्जाच्या कामगिरीची नोंद, तिच्या खात्यावर नव्हता. जिंकल्यावर तिने काय केलं? आईच्या गळ्यात पडून रडली. आई तिथेच होती.

माझ्यासाठीही एकदा कुणीतरी असं थांबलं होतं.

खेळ मला आजोबांनी शिकवला, चरईतल्या चाळीत, कापडी पटावर. त्यांचे नियम जुने होते. प्यादं एका वेळी एकच घर चालणार. ज्या मोहऱ्याच्या घरात प्यादं पोहोचेल, तोच मोहरा ते होणार. आणि राजाला शह बसलेला नसेल, तर सबंध डावात एकदाच घोड्यासारखी अडीच घरांची उडी. ही उडी आजोबांची फार लाडकी. "राजा आहे तो, कारकून नव्हे," म्हणायचे.

चौथीत असताना शाळेशाळांची स्पर्धा होती. प्याद्यांचं मी आयत्या वेळी समोरच्याचं बघून सावरून घेतलं. पण तिसऱ्या फेरीत सगळीकडून कोंडी झाली, तेव्हा मी शांतपणे राजा उचलला आणि अडीच घरं उडवला. समोरचा मुलगा आधी माझ्याकडे, मग राजाकडे बघत राहिला आणि त्याने हात वर केला. सर आले. म्हणाले, "हे काय?"

"आजोबांनी शिकवलंय."

"मग आजोबांशीच खेळायचं हे. आता राजाला हात लावलायस ना, राजाच हलव. एक घर."

एक घर हलवला. दोन खेळ्यांत मात.

बाहेर पिंपळाखाली आजोबा छत्री घेऊन उभे होते. मी अनवाणीच आलो. म्हणालो, "तुमचा नियम चुकीचा आहे." ते परत आत जाऊन माझ्या चपला घेऊन आले, मला घालायला लावल्या. चरई येईपर्यंत अवाक्षर नाही. मग म्हणाले, "त्यांचा वेगळा असेल." आठवडाभराने त्यांनी मला नवे नियम विचारले. मी ऐटीत किल्लेकोट दाखवला, तर उखडलेच. "एका खेळीत दोन मोहरे हलवतोस, आणि मला नियम शिकवतोस?"

पाचव्या फेरीनंतर भाची बाहेर आली. आधी चपला शोधल्या. पाचांत अडीच गुण. ताईला कळवलं, तिचे लगेच सात प्रश्न आले. आम्ही तलावपाळीवर छत्रीत उभ्याने भाजलेलं कणीस खाल्लं. भाचीने शेवटच्या डावातली प्रत्येक खेळी मला सांगितली, मला त्यातली निम्मी कळली. मीही मग तिला राजाच्या उडीची गोष्ट सांगितली. ती हसेल असं वाटलं होतं. पण तिने कणीस चावायचं थांबवून विचारलं, "आणि हत्तीच्या घरात पोहोचलं की हत्तीच?"

रात्री घरी पणजोबांच्या नियमांनी खेळायचं ठरलं. माझी उडी मी दहाव्या खेळीतच उडवून बसलो. तिने तिची शेवटपर्यंत जपली आणि एका साध्या प्याद्याने माझा राजा कोपऱ्यात मारला. ही प्यादेमात. आजोबांच्या लेखी याहून मोठा विजय नव्हता. वजिराने मात केली तर ते नुसते हं म्हणत, प्याद्याने केली तर सगळ्या चाळीला सांगत सुटत. तिला हे ठाऊक नव्हतं. ती हत्तीच्या दारी पोहोचायला निघालेलं दुसरं प्यादं दाखवून, "हे राहूनच गेलं," म्हणत होती.

मी उठलो, गॅलरीत गेलो आणि ताईला फोन लावला. ड्यूटीवर होती, तरी पहिल्या रिंगला उचलला. म्हणाली, "काय झालं?"