छाननीतले शून्य आणि आस्थापना विभाग

एका अकृषी विद्यापीठातील सहायक प्राध्यापकपदाच्या मुलाखतीसाठी पात्र ठरलेल्यांच्या यादीत माझे नाव नव्हते. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांप्रमाणे पीएच.डी.चे ३०, संशोधन-लेखांचे प्रत्येकी २ याप्रमाणे जास्तीत जास्त १०, अध्यापनाच्या अनुभवाचे जास्तीत जास्त १० अशा गुणांवर उमेदवारांची छाननी होणार होती आणि त्यानंतरची निवड मुलाखतीवर ठरणार होती. माझी बेरीज यादीसाठी जाहीर केलेल्या किमान गुणांच्या वर जात होती.

विद्यापीठ सेवा मॅटच्या (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या) कक्षेत येत नाही आणि विद्यापीठ न्यायाधिकरण आधीपासून नोकरीत असलेल्यांसाठी आहे. त्यामुळे बाहेरच्या उमेदवाराला अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करणे एवढाच मार्ग उरतो. वकिलांनी पहिल्याच भेटीत दलपत सोळुंके प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय पुढे ठेवला: न्यायालय निवड समितीच्या निर्णयावर अपील ऐकायला बसत नाही आणि उमेदवारांची गुणवत्ता ताडून पाहत नाही. ‘तुम्ही किती हुशार आहात ते राहू द्या, नियम कुठे मोडला त्याचा कागद आणा,’ असे ते म्हणाले.

तो कागद, म्हणजे छाननी तक्ता, आस्थापना विभागात होता. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून मी माहिती अधिकारात अर्ज दिला. (महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्जात विषय एकच असावा आणि मजकूर साधारण १५० शब्दांत बसवावा.) कायद्याने दिलेली ३० दिवसांची मुदत संपत आली, तेव्हा ‘त्रयस्थ पक्षाची माहिती असल्याने देता येत नाही’ असे एका ओळीचे उत्तर आले. मी इतरांचे गुण मागितलेच नव्हते, माझ्या स्वतःच्या ओळीची प्रत मागितली होती. हे समक्ष सांगायला गेले, तर फाईल कुलसचिवांकडे. कुलसचिवांच्या कार्यालयात विचारले, तर ती केव्हाच खाली पाठवलेली. आवक-जावक नोंदवही दाखवा म्हटल्यावर लिपिकाने ती ड्रॉवरमध्ये सरकवली आणि ‘मॅडम, साहेब मीटिंगला आहेत’ असे मान वर न करता सांगितले. तेच साहेब मागच्या दाराने चहाला जाताना मला दिसत होते. मुलाखतींची तारीख कधीही लागेल, या धास्तीत प्रत्येक फेरी अधिक चीड आणणारी होती, म्हणून नंतर तोंडी बोलणे सोडून प्रत्येक विनंती पोच घेऊनच देऊ लागले. ही पोचच पुढे याचिकेला जोडता आली.

पहिल्या अपिलात अभिलेख पाहण्याची परवानगी मिळाली. माझ्या नावापुढे संशोधनाच्या रकान्यात शून्य होते आणि शेऱ्यात पेन्सिलने ‘पुरावा नाही’ असे लिहिले होते. त्याच फाईलमध्ये माझ्या पाच लेखांच्या प्रती होत्या आणि त्यांवर त्याच कार्यालयाने लाल शाईने घातलेले पृष्ठक्रमांक होते. मला त्या क्षणी रागापेक्षा समाधानच जास्त वाटले.

याचिका दाखल होण्यात काही अडले नाही. मुलाखतीला बोलावलेल्या उमेदवारांना मात्र प्रतिवादी करावेच लागते, कारण ज्यांच्यावर परिणाम होणार त्यांना ऐकल्याशिवाय आदेश मिळत नाही. लेखी हरकतही निकालाआधीच नोंदवावी. विनातक्रार मुलाखत देऊन नापास झाल्यावर प्रक्रियेलाच आव्हान देणाऱ्याला मदनलाल प्रकरणापासून (१९९५) न्यायालये सहसा दाद देत नाहीत. कोल्हापूर, सांगली, साताऱ्याकडच्यांना यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच आहे.

माझी मुलाखत घेऊन निकाल बंद लिफाफ्यात ठेवावा, असा अंतरिम आदेश झाला आणि पुढच्या तारखेला विद्यापीठाने लेखांचे दहा गुण मान्य केले. लिफाफा उघडला तेव्हा मी प्रतीक्षा यादीत होते. मुलाखतीच्या गुणांविरुद्ध पुन्हा याचिका करा, असे बऱ्याच जणांनी सुचवले. पण तिथे दाखवायला माझ्याकडे कागद नव्हता, म्हणून मी ती केली नाही.