स्वातीच्या प्रकाशाने पेटलेले दिवे

शिकागोला मुलाबाळांकडे येणाऱ्या मराठी पाहुण्यांचा कार्यक्रम साधारण ठरलेला असतो. मिशिगन सरोवराचा काठ, उंच इमारती, मंडळाचा एखादा समारंभ, आणि सुट्टी जुळली तर नायगारा. या यादीत मी यंदा यर्क्स वेधशाळेची भर घातली. लेकीने आणि जावयाने ती विनातक्रार मान्य केली, याचे मोठे कारण वेधशाळा ज्या गावात आहे, त्या विल्यम्स बेला सुंदर तळे आहे, हे असावे. माझे कारण मात्र आकाशात होते. मे महिना संपत आला होता आणि स्वाती ही ठळक चांदणी संध्याकाळीच वर चढून आलेली असते असे हे दिवस.

शिकागोच्या वायव्येला सुमारे १३० किलोमीटरवर, विस्कॉन्सिन राज्यात जिनीव्हा तळ्याच्या काठी विल्यम्स बे हे छोटे गाव वसले आहे. रस्त्याविषयी सांगण्यासारखे फारसे नाही; उपनगरे संपली की सपाट शेते लागतात आणि ती संपता संपत नाहीत. वेधशाळेची इमारत मात्र पाहताक्षणी थबकायला लावते. तपकिरी विटांचे लांबट बांधकाम, एका टोकाला प्रचंड घुमट, दुसऱ्या बाजूला दोन लहान घुमट, आणि खांबांवर व कमानींवर भाजलेल्या मातीचे इतके कोरीवकाम, की हे विज्ञानाचे ठिकाण आहे की एखादे जुने मठमंदिर, असा प्रश्न पडावा. जॉर्ज एलरी हेल या तरुण खगोलशास्त्रज्ञाने शिकागोतील ट्रामगाड्यांचे धनाढ्य मालक चार्ल्स यर्क्स यांना पैशासाठी राजी केले आणि १८९७ साली ही वेधशाळा सुरू झाली. शिकागो विद्यापीठाने २०१८ मध्ये येथील काम थांबवले. पुढे एका स्थानिक प्रतिष्ठानाने वास्तू ताब्यात घेऊन डागडुजी केली, म्हणून आज तिकीट काढून आत जाता येते.

मोठ्या घुमटाखाली उभे राहिल्यावर आधी लक्ष जाते ते पायाखालच्या लाकडी जमिनीकडे. ही संपूर्ण गोल जमीनच वर-खाली होते, कारण सुमारे १९ मीटर लांबीची दुर्बीण तिरपी झाली की तिचे डोळा लावण्याचे टोक कधी डोक्याच्या बरेच वर जाते, तर कधी जमिनीजवळ येते. निरीक्षकाने शिडीवर लोंबकळण्यापेक्षा जमिनीनेच त्याला उचलावे, हा विचार मला फार आवडला. दुर्बिणीच्या भिंगाचा व्यास ४० इंच, म्हणजे १०२ सेंटीमीटर. वेधशाळेत नियमित वापरात राहिलेले याहून मोठे भिंग जगात नाही, कारण भिंगाला फक्त कडेनेच आधार देता येतो आणि आकार वाढला की ते स्वतःच्याच वजनाने किंचित वाकू लागते. पुढच्या मोठ्या दुर्बिणी म्हणूनच आरशांच्या झाल्या.

या दुर्बिणीची नळी आणि तिचा अवजड लोखंडी आधार १८९३ च्या शिकागोच्या जागतिक प्रदर्शनात मांडून ठेवला होता. त्याच प्रदर्शनाच्या निमित्ताने भरलेल्या सर्वधर्म परिषदेत विवेकानंद बोलले, एवढे आपल्याला शाळेपासून ठाऊक असते. चाळीस वर्षांनी, १९३३ मध्ये, शिकागोत पुन्हा जागतिक प्रदर्शन भरले. ते सुरू कसे करायचे, याची कल्पना यर्क्सचे निवृत्त संचालक एडविन फ्रॉस्ट यांनी सुचवली. स्वातीचे अंतर तेव्हा ४० प्रकाशवर्षे मानले जात होते. म्हणजे पहिल्या प्रदर्शनाच्या वेळी निघालेला तिचा प्रकाश दुसऱ्या प्रदर्शनाच्या वेळी पृथ्वीवर पोहोचणार, तर त्यानेच दिवे लावावेत! २७ मे १९३३ च्या रात्री स्वातीचा प्रकाश दुर्बिणीतून प्रकाशविद्युत घटावर पाडण्यात आला, त्यातून निर्माण झालेला अतिक्षीण प्रवाह वाढवून तारेने शिकागोला धाडला गेला आणि प्रदर्शनाचे दिवे उजळले. ढगांनी घात करू नये म्हणून यर्क्सखेरीज आणखी तीन वेधशाळाही स्वातीकडे दुर्बीण रोखून बसल्या होत्या. ही कल्पना सुचवणारे फ्रॉस्ट स्वतः त्याआधीच दृष्टी गमावून बसले होते, हे कळल्यावर मी पुन्हा एकदा वर, त्या भिंगाच्या दिशेने पाहिले.

आजच्या मोजमापानुसार स्वातीचे अंतर सुमारे ३७ प्रकाशवर्षे आहे. म्हणजे त्या रात्री दिवे लावणारा प्रकाश १८९३ चा नव्हताच. तो निघाला तेव्हा पहिले प्रदर्शन आटोपून तीनेक वर्षे झाली होती. माझ्या मते याने गोष्टीची गोडी कमी होत नाही. उलट १८९६ च्या आसपास याच इमारतीचे बांधकाम चालू होते, हा योग मला अधिक जवळचा वाटतो.

स्वातीला ‘राक्षसी तारा’ म्हणण्यामागेही यर्क्सचा हात आहे. ताऱ्याच्या वर्णपटावरून, म्हणजे त्याच्या प्रकाशातले रंग वेगळे करून, तो बटू (लहान) आहे की राक्षसी, हे रोमन आकड्यांनी दाखवण्याची पद्धत येथील विल्यम मॉर्गन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९४३ मध्ये रूढ केली आणि त्यात स्वाती तिसऱ्या वर्गात, म्हणजे राक्षसी ताऱ्यांत बसते. तिचे वस्तुमान जवळपास सूर्याएवढेच, पण वय सूर्यापेक्षा अधिक. गाभ्यातले हायड्रोजनचे इंधन संपले, गाभा आकुंचन पावला, त्याभोवतीच्या थरात ज्वलन सुरू झाले आणि बाहेरचे थर फुगत सूर्याच्या सुमारे २५ पट झाले. फुगल्यामुळे पृष्ठभाग निवून तापमान ४३०० केल्विनपर्यंत खाली आले. तिचा नारिंगी रंग त्यामुळेच. शेवटी बाहेरचे थर झडून तिचा श्वेतबटू, म्हणजे लहानसा, निवत जाणारा तारा होईल, कारण त्यासाठीच्या १.४ सूर्यवस्तुमानाच्या मर्यादेच्या ती बरीच आत आहे. ती मर्यादा काढणारे सुब्रह्मण्यन चंद्रशेखर १९३७ पासून अनेक वर्षे याच गावात राहत होते.

त्या दिवसांत तिथे अंधार पडायला नऊ वाजून जातात. तळ्याकाठी आम्ही सप्तर्षींची शेपटी तशीच वळवून पुढे नेली आणि आग्नेयेला बऱ्याच उंचीवर स्वाती सापडली. तशीच पुढे चित्रा. एकीचा नारिंगी आणि दुसरीचा निळसर पांढरा, हा फरक इतका ढळढळीत होता की जावयालाही पटला. खगोलशास्त्रज्ञ हॅलीने १७१८ मध्ये प्राचीन नोंदींशी पडताळा घेऊन स्वाती आपल्या जागेवरून चंद्रबिंबाच्या दुपटीएवढी सरकल्याचे दाखवले, हे त्यांना सांगत होतो. मग ‘पडतील स्वाती तर पिकतील माणिक मोती’ या म्हणीवरून लेकीने विचारले, की पावसाचे नक्षत्र ते हेच का. नक्षत्र हेच, ऑक्टोबर अखेरीस सूर्य स्वातीच्या विभागात येतो. पण तारा सूर्यमार्गापासून तब्बल ३० अंश उत्तरेला असल्याने सूर्य तिच्याजवळ कधी जात नाही.

मुंबईकरांना मात्र स्वातीसाठी इतक्या लांब जाण्याचे कारण नाही. मुंबईचे अक्षांश आणि स्वातीची क्रांती (आकाशातल्या विषुववृत्तापासूनचे तिचे अंतर) दोन्ही १९ अंशांच्या किंचित वर असल्याने ती तिथे जवळजवळ बरोबर डोक्यावरून जाते. मे अखेरीस रात्री साडेदहाच्या सुमारास, वळवाचे ढग नसतील तर, गच्चीवर चटई टाकून आडवे व्हावे. उभ्याने पाहिल्यास मान दुखते.