उभं राहण्याची गाणी

बेळगावात जन्मलेल्या मराठी माणसाच्या वाट्याला उभं राहण्याची गाणी जरा जास्तच येतात. राष्ट्रगीत तर सगळ्या देशालाच आहे. 'वंदे मातरम्' आहे. शाळेच्या पटांगणात रोज सकाळी कन्नड नाडगीत, म्हणजे कर्नाटकाचं राज्यगीत असतं, 'जय भारत जननिय तनुजाते'. आणि महाराष्ट्र एकीकरण समितीच्या सभेला, शिवजयंतीला, फार कशाला, लग्नाच्या वरातीतसुद्धा 'जय जय महाराष्ट्र माझा' लागतं. त्याला उभं राहा म्हणून कुणी सांगत नाही, पण ते लागल्यावर बसून राहिलेला माणूस मी तरी इथं पाहिलेला नाही. पुण्यामुंबईच्या पाहुण्यांना हे सांगितलं की ते हळहळतात. हळहळायचं काय त्यात? पाय मजबूत झालेत आमचे.

माझी भाची सरकारी मराठी शाळेत जाते. परवा ती नाडगीत पाठ करत होती. दुरेघी वहीत सगळं कडवं न् कडवं देवनागरीत उतरवून घेतलेलं, अवघड जोडाक्षराखाली लाल पेनानं रेघ. 'शंकर, रामानुज, विद्यारण्य, बसवेश्वर' ही नावं ती बारकी स्टेशनं मागे टाकणाऱ्या मेलगाडीसारखी धडधडत घ्यायची आणि 'जय हे कर्नाटक माते' आलं की निवांत थांबायची. आई आतून भाकरी थापता थापता म्हणाली, "कळतंय तरी काय ग तुला त्यातलं?"

"कळायला कशाला पाहिजे आज्जी? म्हणायचंय की नुसतं!"

खरं तर कळण्यासारखं त्यात बरंच आहे. ते लिहिणाऱ्या कुवेंपूंची भाषा इतकी संस्कृताकडे झुकलेली आहे की कन्नडचा गंध नसलेल्यालाही अर्धंअधिक गाणं उलगडतं. पंप, रन्न, जन्न हे कवी आहेत, नद्या आहेत, आणि कर्नाटकाच्या गाण्यात चक्क नानक आणि कबीरही आहेत. मला त्यातलं नातं आवडतं. कर्नाटक ही भारतमातेची लेक, म्हणजे आधी आई आणि मग मुलगी. राजा बढ्यांच्या गाण्यातला महाराष्ट्र मात्र पुरुष आहे. गर्जणारा, पोलादी मनगटांचा, उन्हात शिजलेला आणि वर दिल्लीचं तख्त राखणारा. श्रीनिवास खळ्यांच्या चालीवर शाहीर साबळ्यांचा आवाज चढला की कुणाचीही छाती दोन बोटं पुढे येते. एका गाण्यात हात जोडायचे, दुसऱ्यात मुठी वळायच्या. आमच्या घरात दोन्ही एकाच हातांनी होतं.

आणि कृष्णा दोन्हीत आहे. बढ्यांकडे ती कोयनेच्या जोडीनं येते, कुवेंपूंकडे शरावती आणि तुंगेच्या. खरी कृष्णासुद्धा सांगलीकडून येऊन चिकोडीच्या बाजूला आमच्या जिल्ह्यात शिरते, तेव्हा तिला कुणी थांबवून भाषा विचारत नाही. पावसाळ्यात पाणी चढलं की मात्र आलमट्टी धरणाची दारं उघडा म्हणून सांगलीकडचे ओरडतात, आणि कोयनेतून किती सोडलं याचा हिशेब इकडचे मागतात. गाण्यात ती दोघांची, पुरात दुसऱ्याची.

या गाण्यांच्या लांबीचीही एक गंमत आहे. राष्ट्रगीत ५२ सेकंदांचं. महाराष्ट्राचं राज्यगीत दोन मिनिटांच्या आत आटपतं, कारण १९ फेब्रुवारी २०२३ पासून ते अधिकृत करताना दोनच कडवी घेतली. नाडगीत २००४ मध्येच अधिकृत झालं होतं, पण ते कुठल्या चालीवर आणि किती वेळ म्हणायचं यावर इतकी वर्षं खल चालला की शेवटी २०२२ मध्ये सरकारनं म्हैसूर अनंतस्वामींची चाल आणि अडीच मिनिटं असा हुकूम काढला. म्हणजे मुलूख जितका लहान तितकं गाणं लांब. या हिशेबानं बेळगावनं स्वतःचं गाणं काढलं तर ऐकणाऱ्यांनी रात्रीचा डबा घेऊनच यावं.

आमचे एक तात्या कर्नाटकाच्या एसटीत कंडक्टर होते. मोबाइल नवे नवे आले तेव्हा त्यांनी हौसेनं 'गर्जा महाराष्ट्र माझा' रिंगटोन ठेवली. गल्लीत कौतुक झालं. पुढे एक नोव्हेंबर आला. त्या दिवशी बेळगावात एकीकडे कर्नाटक राज्योत्सवाच्या लाल-पिवळ्या मिरवणुका आणि दुसरीकडे मराठी माणसांच्या काळ्या दिनाची मूक सायकल फेरी, असा सगळा मामला. तात्या बिचारे ड्युटीवर. डेपोत झेंडावंदन झालं, नाडगीत सुरू झालं, आणि पहिलं कडवं संपून सगळ्यांनी श्वास घेतला तेवढ्यात तात्यांच्या खिशातून शाहीर साबळे कडाडले. काकूंचा फोन, दूध आणायचं होतं. तात्यांना घाम फुटला, खिशातल्या खिशात बटण सापडेना. कार्यक्रम संपल्यावर हुबळीकडचे एक वरिष्ठ जवळ आले. तात्यांनी मेमोची तयारी ठेवली होती. ते एवढंच म्हणाले, "ट्यून भाळ चलो अद री." चाल फार छान आहे हो, असं. पुढच्या एक नोव्हेंबरला तात्यांनी फोन घरीच ठेवला, हा भाग वेगळा.

राष्ट्रगीतात आम्ही नेमके कुठे बसतो, हे मी शाळेत असतानाच शोधून ठेवलं होतं. 'पंजाब सिंधु गुजरात मराठा' अशी ओळ संपते, मुलं दम घेतात आणि मग 'द्राविड उत्कल बंग' सुरू होतं. त्या दम घेण्यात आमचा जिल्हा आहे. सर्व्हे ऑफ इंडियाला हे मान्य होणार नाही. पण गाण्यांचा नकाशा आणि सरकारी नकाशा जुळलाच पाहिजे असं कुठं आहे? सिंध १९४७ मध्ये तिकडे गेला, तरी गाण्यातला सिंधु हलला नाही. तो शब्द काढा म्हणून कुणीतरी सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं, २००५ मध्ये न्यायालयानं नाही म्हणून सांगितलं. हातातून गेलेलं गाण्यात ठेवता येतं, तसं अजून हातात न आलेलंही.

याचा दाखला शोधायला लांब जायला नको. काँग्रेस रोडवरून जाताना ती विहीर लागते. काँग्रेसचं १९२४ चं अधिवेशन तिथं भरलं होतं, गांधीजी अध्यक्ष असलेलं एकमेव. अकरा वर्षांच्या गंगूबाई हनगलांनी तिथं स्वागतगीत म्हटलं. आणि तिथंच हुइलगोळ नारायणरावांचं 'उदयवागली नम्म चेलुव कन्नड नाडु' गायलं गेलं, आमचा सुंदर कन्नड मुलूख उदयाला येवो, असं. त्या वेळी कन्नड मुलूख नावाचं काही नकाशावर नव्हतंच. बेळगाव-धारवाड मुंबई इलाख्यात, बाकीचं मद्रास, निजाम, म्हैसूर यांच्यात वाटलेलं. नसलेल्या राज्याचं गाणं ते लोक म्हणत होते, आणि ते अधिवेशन बेळगावात घडवून आणणारे गंगाधरराव देशपांडे पुढे आपली जीवनकथा मराठीत लिहिणार होते. 'बेळगाव, कारवार, निपाणी, बिदर, भालकीसह संयुक्त महाराष्ट्र' हे आम्ही घसा ताणून म्हणतो तेव्हा वेगळं काय करतो? १९५६ मध्ये त्यांचं गाणं खरं झालं, आमचं २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. एवढाच फरक. तो लहान आहे असं मी म्हणत नाही. पण आमच्या ओरडण्याचा ज्यांना राग येतो त्यांनी त्या विहिरीवरून एक चक्कर मारून यावं, असं मला वाटतं. आम्हीही मारावी.

भांडण गाण्याशी नसतंच, ते म्हणायला लावण्याशी असतं. १९८६ च्या जूनमध्ये इथं कन्नडसक्तीविरुद्ध आंदोलन झालं, गोळीबार झाला, माणसं गेली. हिंडलग्यात त्यांचं स्मारक आहे. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानं केरळातल्या तीन भावंडांचा निकाल दिला. ती मुलं राष्ट्रगीताला शांत उभी राहायची, पण धर्मात बसत नाही म्हणून म्हणायची नाहीत, आणि शाळेनं त्यांना काढलं होतं. न्यायालयानं सांगितलं, अदबीनं उभी राहतात ना, मग तोंड उघडण्याची सक्ती नाही. माझी भाची मात्र तोंड उघडून म्हणते, तेही सुरात. तिला अजून कुणी लावलेलं नाही, तिची ती म्हणते. उद्या कुणी छडी घेऊन समोर उभं राहिलं तर तेच गाणं तिला कडू लागेल, आणि मग कुवेंपूंची बाजू घ्यायला मलाही जमणार नाही.

सीमाभागावर लिहायचं आणि कानड्या विठ्ठलाला मध्ये आणायचं नाही, असं मी ठरवून बसले होते. त्याला प्रत्येक लेखात राबवून घेतलंय लोकांनी. पण गणपतीला टाळता येत नाही, कारण आरती हे आमच्या गल्लीचं खरं उभं राहण्याचं गाणं. शेजारच्या आक्का मूळच्या बैलहोंगलच्या, घरात सगळं कन्नड. आरत्या मात्र त्यांना आमच्याहून जास्त येतात. त्यांची एक जुनी वही आहे, तेलाच्या डागांची, त्यात 'सुखकर्ता' पासून 'घालीन लोटांगण' पर्यंत सगळ्या मराठी आरत्या कन्नड लिपीत उतरवलेल्या. यंदा मंडपात पोरांनी झांजा वाजवत नेहमीप्रमाणे जोरात 'संकष्टी पावावे, निर्वाणी रक्षावे, फळीवर वंदना' असं ठोकून दिलं. आक्कांनी हात वर करून झांजा थांबवल्या. वही उघडली, चष्मा नाकावर घेतला आणि म्हणाल्या, "संकष्टी नाही रे, संकटी. आणि फळी कुठली आली? सुरवरवंदना. पहिल्यापासून म्हणा बघू."