शॉटच्या टोकाचा हात

गेल्या महिन्यात एका जोडप्याने स्वतःवरच केलेला प्रायोगिक लघुपट माझ्याकडे संकलनासाठी आला. १६ मिलिमीटरचे ११ रोल, ध्वनी नाही, आणि कॅमेरा आळीपाळीने दोघांच्या हातात. विषय होता प्रेमात न बोलता पाळल्या जाणाऱ्या रीती. त्यासाठी पाण्याचा पेला पुढे सरकवणे, बाहीचे बटण लावून देणे असे बरेच काही बसवून चित्रित केले होते आणि खरे सांगायचे तर ते बसवलेले वाटत होते.

कॅमेरा बोलेक्स, म्हणजे चावीचा. पूर्ण चावी दिली तरी सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने तो सुमारे २८ सेकंद चालतो, त्यामुळे शॉट किती लांबवायचा हे दिग्दर्शकाच्या नव्हे तर स्प्रिंगच्या हाती असते. माझ्या सहायकाने शॉटची टोके निरुपयोगी ठरवून आधीच छाटली होती. कापलेले केव्हाही परत जोडता येते, या भरवशावर वाढलेल्यांना कात्रीची भीतीच उरलेली नाही. मी ती सगळी परत लावून घेतली.

दोघांना अमेरिकी कलावंत अँडी वॉरहॉलच्या १९६३ च्या 'किस' या मूकपटासारखी संथ गती हवी होती, म्हणजे चित्रीकरण २४ फ्रेमने आणि प्रक्षेपण १६ ने. तसे करताच २८ सेकंदांचे ४२ झाले आणि चौथ्या रोलपासून एक गोष्ट दिसू लागली. स्प्रिंग संपण्याच्या जरा आधी समोरची व्यक्ती हातातले काम सोडून कॅमेरा घेण्यासाठी हात पुढे करत होती. पहिल्या तीन रोलमध्ये हे नव्हते. कॅमेऱ्याची घरघर ऐकून ऐकून दोघांना तो क्षण अंगवळणी पडला असावा. शेवटच्या दोन रोलमध्ये मात्र हात येत नाही, शॉट नुसता तुटतो.

दोघे मागे बसलेले असताना मी फक्त ही टोके एकापाठोपाठ एक दाखवली. न विचारता दाखवायला नको होती, असे आता वाटते.

"हे आम्ही करत होतो?" ती म्हणाली. दहावा रोल संपल्यावर तिने हलक्या आवाजात विचारले, "हे शेवटचे दोन रोल वगळता येतील का?"

"राहू द्या," तो पडद्याकडे बघतच म्हणाला.

ते गेल्यावर मी अकराव्या रोलचा शेवटचा शॉट फ्रेम-फ्रेम पुढेमागे करून पाहिला. तिची बोटे टेबलावरून किंचित उचललेली दिसतात, किंवा ती नुसती सावली असेल. सगळ्या मिळून सहाच फ्रेम आहेत.