तुम्ही विचारलंत म्हणून: मिस मार्पलच्या आधी जोन हिक्सन कुठे होत्या?

बीबीसीची जुनी ‘मिस मार्पल’ ही मालिका (लेखिका अगाथा ख्रिस्तींच्या कादंबऱ्यांतली, गुन्ह्यांचा छडा लावणारी म्हातारी म्हणजे मिस मार्पल; इथे ती जोन हिक्सन यांनी केली) मी ज्यांना ज्यांना आग्रहाने दाखवली, त्यांतल्या बहुतेकांनी शेवटी एकच विचारलं, "या बाई इतकी वर्षं होत्या कुठे?" आणि पाठोपाठ, "म्हातारपणी नशीब उघडलं म्हणायचं!" हे दुसरं वाक्य मला मनापासून खटकतं, म्हणून आज नीट सांगते.

काम करत होत्या. जन्म 1906 चा, शिक्षण लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रामॅटिक आर्टमध्ये, आणि 1927 पासून रंगभूमीवर. पुढे सिनेमा, मग टीव्ही. ‘कॅरी ऑन’ या विनोदी चित्रपटांत 1959 साली त्या रुग्णालयातल्या सिस्टर होत्या, तर पुढच्याच वर्षी पोलीस ठाण्यात आणलेल्या दारू प्यायलेल्या बाई. 1963 पासून आयटीव्हीच्या एका मालिकेत पाद्रीबुवांचं घर सांभाळणाऱ्या मिसेस पीस. अशा भूमिकेला वेळ मिळतो दोन-चार मिनिटांचा. नायिकेला पुढे अख्खा सिनेमा असतो. चरित्र अभिनेत्रीने दार उघडलं, की त्या उघडण्यातूनच ही बाई या घरात किती वर्षं राबतेय ते कळायला हवं. हिक्सनबाईंच्या बाबतीत ते कळतं.

1961 साली मिस मार्पलवर सिनेमा आला. मार्पल होत्या मार्गारेट रदरफर्ड. हिक्सनबाईही त्यात आहेत, कामवाल्या मिसेस किडर म्हणून!

खरं तर 1940 च्या दशकातच अगाथा ख्रिस्तींनी त्यांना आपल्या एका नाटकात पाहून चिठ्ठी पाठवली होती, की पुढेमागे माझी मिस मार्पल तुम्ही कराल अशी आशा आहे. ते घडायला डिसेंबर 1984 उजाडला. हिक्सनबाई 78 वर्षांच्या होत्या. ख्रिस्तीबाईंना जाऊन आठ वर्षं झाली होती. त्यांना हे पाहायला मिळालं नाही, याचं मला अजून वाईट वाटतं. 1992 पर्यंत मार्पलच्या बाराही कादंबऱ्या त्यांच्यासह पडद्यावर आल्या. (त्याआधी, 1979 मध्ये, ब्रॉडवेवरच्या ‘बेडरूम फार्स’ या नाटकासाठी टोनी हा अमेरिकी रंगभूमीचा मोठा पुरस्कारही मिळाला होता. तो कुणाच्या लक्षातच नसतो.)

आता त्यांची मार्पल आठवा. दिवाणखान्यात सगळे तावातावाने बोलताहेत आणि ही म्हातारी कोपऱ्यात विणत बसलीय. मान वर होते, ते फिकट निळे डोळे एका माणसावर क्षणभर थांबतात, पुन्हा सुया चालू. जिच्याकडे कुणी लक्ष देत नाही अशी बाई घरात कशी बसते, काय काय ऐकते, हे त्यांना कुणी शिकवावं लागलं नसेल. पन्नासहून अधिक वर्षं त्यांनी अशाच बायका उभ्या केल्या होत्या.

1961 चा तो सिनेमा मिळाला तर जरूर बघा. मिसेस किडर आली, की नजर तिच्यावर ठेवा.