उजेडाचा हिशोब ठेवणारा कोळी

मी जी गोष्ट लिहितोय (संपेल तेव्हा संपेल) तिच्यातल्या जगात एक कोळी आहे, दिवटी नावाचा, सुपारीएवढा, आणि त्याचं जाळं रात्री चमकतं. एवढं सांगितलं की लोक लगेच विचारतात, विषारी आहे का, चावला की माणूस पण चमकतो का. नाही ओ. गंमत विषात नाहीच, तो उजेड आणतो कुठनं आणि खर्च कसा करतो यात आहे.

फॅन्टसीत काही पण चमकवायची सवय मला लई खटकते. झाड चमकतंय, मासा चमकतोय, दगड चमकतोय, कशासाठी ते कुणी सांगत नाही. अरे शिकार करून जगणारा जीव आहे तो, अंगावर बल्ब लावून बसला तर पहिल्याच रात्री एखादं घुबड त्याचा घास करणार ना.

खऱ्या जगात कोळ्यांच्या ५० हजारांवर जाती नोंदल्यात, पण काजव्यासारखा स्वतःचा उजेड पाडणारा त्यात एक पण नाही. सोलापूरच्या बाहेर माळावर रात्री कपाळाला टॉर्च लावून फिरलं की गवतात बारीक ठिपके लुकलुकतात, ते वुल्फ स्पायडर जातीच्या कोळ्यांचे डोळे, पण उजेड आपल्याच टॉर्चचा, डोळ्यातल्या एका थरावरून परत आलेला. विंचू यूव्ही (अतिनील) टॉर्चखाली हिरवा-निळा दिसतो तो पण उसनाच. काजव्याचं मात्र अस्सल, लूसिफेरिन नावाचं द्रव्य, एक एन्झाइम आणि हवेतला ऑक्सिजन, यातलं एक नसलं तरी अंधार. आणि न्यूझीलंडच्या वायटोमो गुहेत एका बारीक माशीच्या अळ्या असतात, छताला चिकट धागे सोडून निळा उजेड पाडत बसतात आणि उजेडाला भुलून आलेले किडे धाग्याला चिकटतात. मला पाहिजे होतं ते इथं मिळालं.

म्हणून दिवटीचं अंग मळकट काळं, चमकतो फक्त धागा. हा कोळी उजेड स्वतः बनवत नाही, खोऱ्यात बुरशीवर वाढलेले पतंग खातो, त्यांच्यातलं द्रव्य साठवतो आणि जाळं विणताना धाग्यावर थेंब थेंब सोडतो. मादी मागच्या पायानं धागा ओढते, थेंब आधी काळाच असतो, हवा लागली की कडेकडेनं निळा होत जातो. पहाटे ती सगळं जाळं खाऊन टाकते म्हणजे माल वाया जात नाही (हे मी रचलेलं नाही, जाळं खाणारे कोळी खरेच आहेत). पौर्णिमेला विणतच नाही, चांदण्यात कोण फसणार?

आता त्या खोऱ्यातली माणसं विणकर आहेत, सोलापूरचा माणूस दुसरं काय लिहिणार. ते हा धागा काढून मेणानं बंद केलेल्या बरणीत ठेवतात, आत हवा नाही म्हणून उजेड नाही, बरणी फोडली की उजाडेपर्यंत चमकतो. हे मी सोलापूरच्या पूर्व भागातल्या एका लूमवाल्या काकांना वाचून दाखवलं तर म्हणाले, "ताण्याला घेतलास का बाण्याला? आणि चिकट धागा धोट्यातनं सुटतोय कसा?" (ताणा म्हणजे कापडातला उभा धागा, बाणा आडवा, आणि धोटा तो आडवा धागा इकडनं तिकडं नेतो.) ताकदीची काळजी नव्हती, मादागास्करच्या सोनेरी कोळ्यांच्या रेशमाचा अख्खा अंगरखा २०१२ साली लंडनच्या म्युझियममध्ये लोकांनी बघितलाय, त्याला १२ लाख कोळी लागले होते. पण तो धागा चिकट नव्हता, माझा आहे. शेवटी असं केलं की ताणा साध्या सुताचा, दिवटीचा धागा राखेत घोळून फक्त काठाला. त्यामुळं कापड दिवसा अगदी मळखाऊ दिसतं, लग्नात नेसलेली साडी दुपारी बघितली तर कुणी हात लावणार नाही.

मला सगळ्यात आवडतो तो यातला नर. त्याच्याकडं उजेड नसतो, तो लांबून जाळी बघत फिरतो, जाळं झगझगीत म्हणजे बाई पोटभर जेवलेली, आपल्याला खायची शक्यता कमी, म्हणून तिकडं जायचं. मंद जाळ्याच्या वाटेला तो जात नाही. आता विणकरांनी अर्धा धागा काढून नेला की जाळं मंद पडतं, नराला वाटतं उपाशी आहे, तो पुढं निघून जातो, आणि पुढच्या हंगामात कोळी कमी. कुणी एक कोळी मारलेला नाही, तरी खोरं रिकामं व्हायला लागतं. धागा कमी तसा सावकार बरणीचा भाव वाढवतो, भाव वाढला म्हणून विणकर आणखी धागा काढतात.

काकांना नराचं काही पडलेलं नाही. त्यांचं एकच, "तो सावकार सूत उधारीवर देतो का रोखीनं, ते आधी लिही." तिसरं प्रकरण त्याच्यावरच चाललंय.